वारसांमधले खासगी बोलणे बाहेर कसे गेले? एन्क्रिप्शन असलेले कोणते ॲप वापरावे?

कुळागर, फोंडा

नमस्कार. प्रश्न तांत्रिक असला तरी मागची परिस्थिती सांगितल्याशिवाय तो नीट समजणार नाही, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. आजोबांच्या नावावरचे घर आणि त्यामागचे कुळागर, म्हणजे नारळ-सुपारीची बाग, यांच्या वाटणीसाठी आमची इन्व्हेंटरी न्यायालयात चालू आहे. गोव्याबाहेरच्या वाचकांना कल्पना नसेल, पण आपल्याकडे वारसांमधली वाटणी या कारवाईतून होते आणि मालमत्ता तोडून वाटण्याजोगी नसेल तर वारसच आपसांत तिचा लिलाव बोलतात. जो जास्त बोलेल त्याला ती मिळते आणि बाकीच्यांना त्यांच्या हिश्श्याची रक्कम त्याने द्यायची असते. अशा वेळी आपण कुठवर जाणार हा आकडा दुसऱ्या शाखेला आधीच कळला, तर लिलावाला बसण्यात काही अर्थ उरत नाही.

आम्ही तीन भावंडे. मी फोंड्यात, ताई पुण्याला आणि धाकटा भाऊ बोटीवर असतो. आम्हां तिघांचा, आईचा आणि आमच्या जोडीदारांचा मिळून एक ग्रुप आहे आणि तो सर्वांच्या फोनवर असते त्याच नेहमीच्या मेसेजिंग ॲपवर आहे. गेल्या महिन्यात ताईने त्यात एक आकडा लिहिला. आठ दिवसांनी चुलतभावाने मला देवळाच्या पायऱ्यांवर गाठले आणि हसत हसत नेमका तोच आकडा ऐकवला. त्यात हजाराचाही फरक नव्हता.

ग्रुपमधल्या कोणी फितुरी केली असे मी मानायला तयार नाही. ॲप उघडले की ‘संदेश एंड-टू-एंड एन्क्रिप्टेड आहेत’ असे वर लिहिलेले दिसते, म्हणजे आमच्याखेरीज ते कोणालाही वाचता येऊ नयेत, मग हे घडले कसे? हे एन्क्रिप्शन कोणी फोडू शकते का? नसेल तर याहून भक्कम असे कोणते सॉफ्टवेअर आम्ही घ्यावे? आई चौऱ्याहत्तर वर्षांची असून तिला बोलून पाठवलेले संदेश ऐकण्यापलीकडे फारसे काही जमत नाही, हेही कृपया लक्षात घ्यावे.

दर्यावर्दी, वास्को

टेलिग्राम घ्या. मी कित्येक वर्षे वापरत आहे. त्यात गुप्त संभाषणाची वेगळी सोय आहे आणि ते नेहमीच्या ॲपपेक्षा सुरक्षित आहे असे सर्वच म्हणतात.

मांडवीकाठ, पणजी

कुळागर, आपण ॲपचे नाव दिलेले नाही, तेव्हा व्हॉट्सॲप आणि सिग्नल या दोहोंना लागू पडेल असे लिहितो. दोन्हींच्या पोटात चालणारी पद्धत एकच आहे. ट्रेव्हर पेरिन आणि मॉक्सी मार्लिनस्पाइक यांनी 2013 च्या सुमारास ती घडवली, आज ती सिग्नल प्रोटोकॉल म्हणून ओळखली जाते आणि व्हॉट्सॲपने एप्रिल 2016 मध्ये ती आपल्या सर्व वापरकर्त्यांना लागू केली. फरक आहे तो भोवतालच्या गोष्टींत. सिग्नलचा कोड कोणालाही वाचून तपासता येतो आणि ते एक ना-नफा प्रतिष्ठान चालवते, तर व्हॉट्सॲपचा कोड बंद आहे आणि मालकी मेटाकडे आहे.

ही पद्धत फोडून आपला आकडा कोणी काढला असेल ही शक्यता आपण मनातून काढून टाकावी, असे मी ठामपणे म्हणेन. प्रत्येक संदेशाला नवी किल्ली वापरली जाते आणि ती आधीच्या किल्लीवर एकदिशी गणित करून तयार होते. आदोळीवर खोवलेल्या खोबऱ्याची पुन्हा वाटी होत नाही, तसेच आजची किल्ली हाती लागली तरी तिच्यावरून कालची काढता येत नाही. शिवाय दोन्ही बाजूंनी उत्तर-प्रत्युत्तर झाले की संपूर्णपणे नवे गुपित मिसळले जाते, त्यामुळे आज एखादी किल्ली चोरीला गेली तरी ती उद्याच्या संभाषणाला उपयोगी पडत नाही. फोंड्यात बसून हे फोडणारा चुलतभाऊ मिळाला, तर त्याला कुळागराची गरजच पडणार नाही.

मग राहतात ती दोन टोके. एन्क्रिप्शन संदेशाला वाटेत सांभाळते, पण पाठवणाऱ्याच्या आणि वाचणाऱ्याच्या पडद्यावर तो उघडाच असतो आणि तसा नसेल तर वाचणार कसा? म्हणून नवे ॲप शोधण्याआधी ही टोके किती आहेत ते मोजा. आपण सहासात माणसे धरली असतील, परंतु एकेका माणसाच्या खात्याला संगणक किंवा दुसरा फोन जोडलेला असू शकतो. असे जोडलेले प्रत्येक यंत्र एन्क्रिप्शनच्या दृष्टीने चोर नसून आमंत्रित पाहुणा असते. ताईच्या फोनने तिचा संदेश उघडण्याची किल्ली त्या प्रत्येकाला स्वतःहून दिलेली असते.

ही कल्पनेतली भीती नाही. फेब्रुवारी 2025 मध्ये गूगलच्या सुरक्षा संशोधकांनी प्रसिद्ध केलेल्या माहितीनुसार, रशियाशी संबंधित गटांनी युक्रेनमधील सैनिकांना फसवे क्यूआर कोड स्कॅन करायला लावले आणि त्यांच्या सिग्नल खात्यांना आपली यंत्रे जोडून घेतली. एवढ्या मोठ्या ताकदीनेही गणिताशी झुंज घेण्यापेक्षा एक जादा यंत्र जोडणे सोपे मानले, यातच काय ते आले. त्याच वर्षी मार्चमध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा सल्लागारांनी युद्धाच्या चर्चेच्या सिग्नल ग्रुपमध्ये एका मासिकाच्या संपादकाला चुकून घेतले, तेव्हाही एन्क्रिप्शन आपले काम चोख करत होते.

आपण आजच सेटिंगमध्ये जाऊन ‘लिंक केलेली डिव्हाइसेस’ ही यादी उघडावी आणि घरातल्या प्रत्येकाकडून उघडून घ्यावी. यादीत प्रत्येक यंत्र शेवटचे केव्हा चालू होते तेही दिसते. दुसरी जागा बॅकअपची. व्हॉट्सॲपचा गूगल खात्यावर जाणारा बॅकअप आपोआप एंड-टू-एंड एन्क्रिप्टेड होत नाही. 2021 च्या अखेरीपासून तशी सोय आहे, पण ती स्वतः चालू करावी लागते आणि त्यासाठी पासवर्ड किंवा 64 अंकी किल्ली ठरवता येते. ग्रुपमधल्या एकाचा जरी बॅकअप उघडा असला आणि त्याच्या खात्याचा पासवर्ड घरातल्या दुसऱ्या कोणाला ठाऊक असला, तर सगळ्यांचे बोलणे बाहेर जायची ती एक वाट ठरू शकते.

फर्मागुढी २००८

दर्यावर्दींचा सल्ला सद्भावनेचा आहे, परंतु या प्रश्नाला तो लागू पडत नाही. टेलिग्रामची साधी संभाषणे एंड-टू-एंड एन्क्रिप्टेड नसतात. ती फोनपासून कंपनीच्या सर्व्हरपर्यंत कुलूपबंद जातात आणि कुलपाची किल्ली कंपनीकडेही असते. ‘सिक्रेट चॅट’ मात्र तशी असते, पण ती दोघांपुरतीच आणि मुद्दाम उघडावी लागते. ग्रुपला ती सोय नाही, आणि कुळागर यांना हवा आहे तो नेमका ग्रुप.

आता थोडे आठवणीतले, पण विषयाला धरूनच. फर्मागुढीला अभियांत्रिकी महाविद्यालयात असताना आम्ही दोघे-तिघे पिजिन नावाच्या प्रोग्रॅमवर ओटीआरचे प्लगइन बसवून गूगल टॉकवरून बोलत असू. ओटीआर म्हणजे ‘ऑफ द रेकॉर्ड’, निकिता बोरिसोव्ह, इयन गोल्डबर्ग आणि एरिक ब्रूअर यांनी 2004 मध्ये मांडलेली पद्धत. तोपर्यंत एन्क्रिप्शन म्हटले की ईमेल कुलूपबंद करणारे 1991 पासूनचे पीजीपी डोळ्यांसमोर येई. त्यात एकच कायमची किल्ली वर्षानुवर्षे वापरली जाई, त्यामुळे ती एकदा हाती पडली की मागची सगळी पत्रे उघडत, शिवाय प्रत्येक पत्राखाली सही असल्याने ‘हे मी लिहिलेच नाही’ असे म्हणायची सोय नसे. चार भिंतींआड दोघे बोलतात तसे बोलणे संगणकावर का असू नये, हा ओटीआरचा विचार होता. म्हणून किल्ल्या वारंवार बदलत आणि संदेशाचा खरेपणा पटवणाऱ्या जुन्या किल्ल्या नंतर उघड केल्या जात, जेणेकरून मागाहून तो संदेश कोणीही रचू शकला असता. बोलताना समोरच्याला खात्री, पण तिसऱ्यापुढे पुरावा नाही.

त्या प्लगइनचे बटण मला अजून आठवते. आधी ‘नॉट प्रायव्हेट’ दिसे, किल्ल्यांची देवघेव झाली की ‘अनव्हेरिफाइड’ आणि समोरचा खरोखर आपलाच मित्र आहे हे पडताळल्यावर ‘प्रायव्हेट’. पडताळायला एक प्रश्न विचारता येई आणि उत्तर वाटेत कोणालाही न कळता जुळवले जाई. आमचा प्रश्न असे, ‘परवा आपली कोणती फेरीबोट चुकली?’ मित्र एकदा ‘रायबंदर’ लिहायच्या जागी ‘रायबन्दर’ लिहून गेला आणि पडताळणी फसली. गणिताला शुद्धलेखनाची सवलत देता येत नाही.

हे सांगायचे कारण असे की ‘अनव्हेरिफाइड’ची ती मधली पायरी आजही आहे, आजच्या ॲपमध्ये ती फक्त डोळ्यांआड गेली आहे. किल्ली सर्व्हरच आणून देतो. त्याने ताईची म्हणून भलत्याचीच किल्ली दिली, तर तुमचा फोन त्या भलत्यासाठी अगदी उत्तम एन्क्रिप्शन करील. यासाठी व्हॉट्सॲपमध्ये ‘सुरक्षा कोड’ आणि सिग्नलमध्ये ‘सेफ्टी नंबर’ असतो. तो साठ अंकांचा, पाच-पाच अंकांच्या बारा गटांत मांडलेला असून दोन्ही फोनवर तोच दिसायला हवा. समोरासमोर असाल तर क्यूआर कोड स्कॅन करून जुळवता येतो, दूर असाल तर आवाज ओळखू येईल अशा कॉलवर वाचून. मात्र ‘एकोणसाठ’, ‘एकोणसत्तर’ असे मुळीच वाचू नये. एकेक अंक सुटा वाचावा, नाहीतर मराठीत अर्धा तास त्यातच जातो.

ओटीआर मागे पडले त्याचेही कारण कुळागर यांच्या धाकट्या भावाला नीट समजेल. त्यात दोघेही एकाच वेळी ऑनलाइन असावे लागत आणि तिसऱ्याला जागाच नव्हती. सिग्नल प्रोटोकॉलमध्ये प्रत्येक फोन काही किल्ल्या आधीच सर्व्हरवर ठेवून जातो. भाऊ भर समुद्रात रेंजबाहेर असला तरी त्यातली एक वापरून संदेश कुलूपबंद होतो आणि बंदरात फोन लागला की त्याचा त्यालाच उघडतो. किल्ल्या बदलत नेण्याची मूळ युक्ती मात्र ओटीआरचीच.

कारकून, म्हापसा

मी एका वकिलांच्या कार्यालयात काम करतो, तेव्हा तंत्राविषयी न बोलता न्यायालयाच्या बाजूने दोन गोष्टी लिहितो. वर ‘तिसऱ्यापुढे पुरावा नाही’ असे वाचले. गणितात ते खरे असेल, पण आपल्या न्यायालयात त्यावर विसंबू नये. न्यायालयापुढे किल्ल्या येत नाहीत. येतो तो फोन किंवा पडद्याची छायाप्रत आणि सोबत प्रमाणपत्र. जुन्या पुरावा कायद्यात ही तरतूद कलम 65-ब मध्ये होती, 1 जुलै 2024 पासून ती भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 63 मध्ये आहे, आणि मूळ यंत्र हजर करता येत नसेल तर प्रमाणपत्र आवश्यकच आहे असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये खोतकर प्रकरणात स्पष्ट केले. तेव्हा ‘एन्क्रिप्टेड होते’ हा तिथे बचाव ठरत नाही.

दुसरी गोष्ट आपोआप नाहीशा होणाऱ्या संदेशांची. लिलावाचे आकडे, कोणाला किती देता येईल याचे हिशेब, अशा आपसांतल्या बोलण्याला ही सोय चांगली आहे आणि ती लावावी. मात्र मालमत्तेची कागदपत्रे, पूर्वीच्या वाटणीची पत्रे किंवा दुसऱ्या शाखेशी झालेला पत्रव्यवहार त्या ग्रुपवर ठेवू नये. तो पुसला गेला तर उद्या आपल्यालाच अडचण होईल. आणि वकिलांशी जे बोलायचे ते ग्रुपवर न आणता वकिलांशीच बोलावे. पक्षकार आणि वकील यांच्यातल्या बोलण्याला कायद्याचे संरक्षण आहे. तेच बोलणे सात जणांच्या ग्रुपवर चिकटवल्यावर ते तितके भक्कम राहील का, हे आपल्या वकिलांनाच विचारावे.

कुळागर, फोंडा

सर्वांचे मनःपूर्वक आभार. मांडवीकाठ यांनी सांगितल्याप्रमाणे काल रात्री यादी उघडली आणि मला घाम फुटला. ताईच्या, आईच्या, भावाच्या फोनमध्ये काहीच नव्हते. माझ्याच खात्याला एक संगणक जोडलेला होता आणि तो शेवटचा चालू होता ‘आज, सायंकाळी 6:12’.

विचार करता करता सगळे आठवले. मामलेदार कार्यालयात देण्यासाठी जमिनीच्या एक-चौदाच्या उताऱ्याच्या प्रती काढायच्या होत्या. बाजारातल्या झेरॉक्सच्या दुकानात मुलगा म्हणाला, ‘मेल कशाला करता, हे स्कॅन करा, लगेच प्रिंट काढतो.’ मी स्कॅन केले, पैसे दिले आणि पाऊस सुरू झाला म्हणून घाईने स्कूटर काढली. बाहेर पडायचे म्हणजे लॉग आउट करायचे, हे त्याला सुचले नाही आणि मला माहीत नव्हते. त्या दुकानात संध्याकाळी कोण कोण बसते हे गावात सर्वांना ठाऊक आहे. नाव घेत नाही, कारण माझ्याकडे पुरावा नाही आणि कुलूप उघडे मीच ठेवले होते.

तो संगणक काढून टाकला आहे. आता दोन शंका. हे केल्यावर त्या संगणकावरचे जुने संदेश नाहीसे होतात का? आणि एवढे झाल्यावरही ॲप बदलावे का? ताई सिग्नलचा आग्रह धरून बसली आहे.

मांडवीकाठ, पणजी

आपल्या फोनवरून जोडणी तोडली की त्या यंत्राला नवे संदेश जायचे थांबतात आणि तिथले खाते बंद होते. पण दरम्यान कोणी वाचले, छापले किंवा पडद्याचे छायाचित्र काढले असेल तर ते परत आणता येत नाही. म्हणून तो आकडा जळाला असे समजून नवा ठरवावा, आणि या वेळी ताईंनी तो लिहू नये, फोनवर सांगावा. सोबत दोन-टप्पी पडताळणीचा सहा अंकी पिन लावावा, म्हणजे कोणी आपला नंबर दुसऱ्या फोनवर नोंदवू पाहिला तर त्याला तो पिन मागितला जाईल. पुढे प्रिंट काढायची वेळ आली तर पेन ड्राइव्ह न्यावा.

ॲप बदलण्याविषयी माझे मत थोडे वेगळे आहे. जे घडले ते सिग्नलवरही हुबेहूब घडले असते, कारण तिथेही संगणक क्यूआर कोडनेच जोडतात. सिग्नलचा खरा लाभ वेगळ्या जागी आहे. कोण कोणाशी केव्हा बोलले ही वरवरची माहिती ते जवळपास ठेवतच नाही. 2016 मध्ये अमेरिकेतील एका न्यायालयीन आदेशावर त्यांना देता आली ती माहिती एवढीच होती की खाते केव्हा उघडले आणि शेवटचे केव्हा जोडले गेले. पत्रकाराला किंवा सरकारी कागद बाहेर आणणाऱ्याला याचे मोल फार आहे. आपली अडचण सरकारची नसून झेरॉक्सच्या दुकानाची होती. आईंना नवे ॲप शिकवताना त्या वैतागल्या आणि जुन्यावरच बोलत राहिल्या, तर दोन ग्रुप होतील आणि नको ते नको तिथे लिहिले जाईल.

फर्मागुढी २००८

इथे मी ताईंच्या बाजूने आहे. नव्या ॲपवर फक्त या एकाच कामाचा ग्रुप असेल, लग्नाचे फोटो आणि चतुर्थीच्या माटोळीचे व्हिडिओ त्यात येणार नाहीत, तर काय लिहितो आहोत याचे भान आपोआप राहते. आईंना त्यात घ्यायलाच हवे असे नाही. त्यांना घरी बसून सांगा, त्याहून चांगले एन्क्रिप्शन अजून कोणी शोधलेले नाही.

कुळागर, फोंडा

शेवटी तिघांचा वेगळा ग्रुप सिग्नलवर केला, सात दिवसांनी नाहीसे होणारे संदेश लावले आणि आईला घरी सांगायचे ठरवले. ताईशी साठ अंक लगेच जुळले. भावाचे नव्या बंदरात पोहोचल्यावर जुळवले. त्याच्याकडे रात्रीचे दोन वाजले होते, मागे इंजिनाचा आवाज होता आणि सातव्या गटात तो ‘तीन’ म्हणाला ते मला ‘तीस’ ऐकू आले म्हणून पुन्हा पहिल्यापासून वाचले. बाराही गट बरोबर निघाले. घरच्या जुन्या ग्रुपचा बॅकअपही कुलूपबंद केला आणि त्याची 64 अंकी किल्ली कागदावर लिहून आईच्या पेटीत, घराच्या कागदांसोबत ठेवली आहे.

कारकून, म्हापसा

तो कागद ठेवताना त्याचा फोनने फोटो काढला असल्यास तेवढा आजच पुसावा, आणि कचऱ्याच्या फोल्डरमधूनही काढावा. गॅलरीचा बॅकअप वेगळ्या वाटेने जातो. आमच्या कार्यालयात एका पक्षकाराने नेमके तेच केले होते.